चार्दाशची राजकन्या टीव्हीवर: आमच्या मंडळात कोणती दाखवू?

पदवेडा

नमस्कार मंडळी,

सांगलीत आमचं नाट्यसंगीत ऐकणाऱ्यांचं एक छोटं मंडळ आहे. महिन्यातून एकदा कुणाच्या तरी माडीवर जमायचं, जुनं ध्वनिमुद्रण ऐकायचं किंवा चित्रीकरण पाहायचं आणि मग त्यावर पोटभर वाद घालायचा, असा शिरस्ता. पुढच्या बैठकीला पहिल्यांदाच परदेशी संगीतिका लावायचं ठरलंय. निवड माझ्याकडे आली आणि मी कालमानची ‘चार्दाशफ्युर्स्टिन’, म्हणजे चार्दाशची राजकन्या, घेतली.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. संगीतकार एमेरिश कालमान हंगेरीतल्या शिओफोकचा. संहिता लिओ श्टाइन आणि बेला येनबाख यांची. पहिला प्रयोग १७ नोव्हेंबर १९१५ला व्हिएन्नात, पहिलं महायुद्ध पेटलेलं असताना. बुडापेस्टच्या ऑर्फियममध्ये, म्हणजे रात्रीच्या नाचगाण्याच्या थिएटरात, गाणारी सिल्वा वारेस्कू आणि व्हिएन्नाचा राजपुत्र एडविन यांचं प्रेम. एडविनच्या आईवडिलांना ते मान्य नाही, त्यांनी नात्यातल्या श्टाझीशी त्याचं ठरवून पत्रिकासुद्धा छापल्यात. एडविन नोटरीसमोर लिहून देतो की ठरावीक मुदतीत सिल्वाशी लग्न करीन. तेवढ्यात ती छापील पत्रिका सिल्वाच्या हाती पडते आणि ती अमेरिकेच्या दौऱ्यावर निघून जाते.

दुसरा अंक व्हिएन्नातल्या वाड्यात. साखरपुड्याची रात्र. सिल्वा येते ती एडविनचा मित्र काउंट बोनी याची बायको असल्याचं सोंग घेऊन. एडविनला आनंद होतो. तू बोनीपासून घटस्फोट घे, म्हणजे काउंटेस म्हणून आईला चालशील, असं तो म्हणतो. तिथे सिल्वाला कळतं की याला काउंटेस हवी आहे, गाणारी बाई नको आहे. ती सगळ्यांसमोर स्वतःची ओळख सांगते, तो करार फाडते आणि निघून जाते.

टीव्हीसाठी केलेली दोन रूपं माझ्या पाहण्यात आहेत. एक १९७१चं, जर्मन भाषेत, दिग्दर्शक मिक्लोश सिनेतार, सिल्वा झाली आहे आना मोफो आणि एडविन रेने कोलो. दुसरं १९८१चं, रशियन भाषेत, ‘सिल्वा’ नावाचं, लेनिनग्राडच्या लेन्फिल्म स्टुडिओचं, दिग्दर्शक यान फ्रिद. शिवाय रंगमंचावरच्या प्रयोगांची चित्रीकरणंही मिळतात.

माझं मत स्पष्ट आहे: टीव्हीचंच रूप दाखवावं, आणि त्यातही १९७१चं. कागद फाडण्याचा क्षण रंगमंचावर समूहगानात आणि वाद्यवृंदात वाहून जातो. मागच्या रांगेतल्या माणसाला सिल्वाचा चेहरा दिसतच नाही. टीव्हीवर तो वीतभर अंतरावर येतो. ही संगीतिका चेहऱ्यांची आहे.

जाणकारांनी सांगावं.

ठाणेकरीण

धागा आवडला. कथा वाचताना मला सारखं ‘मानापमान’ आठवत होतं. तिथे श्रीमंत भामिनी गरीब वनमाला होऊन धैर्यधराजवळ जाते, इथे गरीब सिल्वा काउंटेस होऊन येते. सोंग दोघींचं, दिशा उलटी. भामिनीला सोंगातून धैर्यधराची किंमत कळते, सिल्वाला एडविनची! फक्त दुसरीचा हिशेब वाईट निघतो.

दरबारी_कानडा

@ठाणेकरीण, ‘मानापमान’ १९११चं, बरोबर आठवलं. पण माझ्या मते खरं जवळचं नाटक ‘संशयकल्लोळ’. रेवती नायकिणीची मुलगी आहे आणि अश्विनशेठ प्रतिष्ठित घरचा. तिच्यावर संशय घेणं त्याला इतकं सोपं जातं, त्यामागे तिचा जन्म आहेच. ‘मृगनयना रसिकमोहिनी’ म्हणणारा माणूस थोड्या वेळात तिला काय काय बोलतो ते पाहा. प्रेम खरं आहे, पण ज्या घरातून ती आली ते घर त्याच्या मनात कुठेतरी टोचतंय. एडविनचं नेमकं तेच.

देवलांनी १८९३च्या आपल्या गद्य ‘फाल्गुनराव’ला पदं घालून हे संगीत नाटक केलं. ते रंगभूमीवर आलं १९१६ला, कालमानच्या पुढच्याच वर्षी. आणि देवल हरिपूरचे, म्हणजे पदवेडा यांच्या मंडळाच्या अगदी अंगणातले. बैठकीला आधी ‘संशयकल्लोळ’मधली दोन पदं लावा आणि मग सिल्वा लावा. लोक आपोआप दार उघडून आत येतील.

शंकेखोर

मी विरोधात.

१९७१ची फिल्म मी पाहिली आहे. गाणं आधी स्टुडिओत मुद्रित करून घेतलंय आणि चित्रीकरणात नट ओठ हलवतात. सूर पक्के आहेत, श्वास मात्र कुणाचाच दिसत नाही. उंच सूर लावताना गळ्याची शीर ताणली जाते, खांदा उचलला जातो, डोळे किंचित बारीक होतात, हे सगळं गायब. मोफो काय गोड हसत वरचा सूर ‘लावते’! तसा सूर कुणी माणूस लावत नाही.

पदवेडा म्हणतात चेहरा जवळ येतो. येतो ना, पण तो गाणाऱ्या बाईचा चेहरा नसतो. संगीतिकेत गाणाऱ्याचा चेहरा हीच मुख्य गोष्ट. प्रत्यक्ष प्रयोगाचं चित्रीकरण लावा, भले प्रकाश मंद असो आणि कॅमेरा एका जागी ठोकलेला असो.

रिमझिम

शंकेखोर, आपण सगळे हिंदी सिनेमावर वाढलो. डोंगर चढत, पावसात भिजत, दम न लागता गाणारे नायक-नायिका आपल्याला लहानपणापासून पटलेत. मोफोबाईंना का अडवता? :)

शंकेखोर

@रिमझिम, हाहा, सिनेमाला पूर्ण मुभा आहे. पण पदवेडांचं मंडळ नाट्यसंगीताचं आहे. तिथली मंडळी नुसता सूर ऐकून सांगतात की गाणारा आज थकलाय. त्यांच्यापुढे ओठ हलवणं चालणार नाही.

म्युनिकवासी

या फिल्मच्या जन्माविषयी थोडं लिहितो, कारण त्यावरून बऱ्याच गोष्टी उलगडतात.

पश्चिम जर्मनीत १९६७ला रंगीत टीव्ही सुरू झाला. त्याच सुमारास म्युनिकमध्ये ‘युनिटेल’ ही कंपनी उभी राहिली होती. संगीत चित्रित करायचं ते सिनेमाच्या फिल्मवर, चांगल्या वाद्यवृंदासह, असा त्यांचा खाक्या. सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला त्यांनी एकामागून एक ऑपेरेटा, म्हणजे अशा हलक्याफुलक्या संगीतिका, केल्या: लेहारच्या ‘काउंट ऑफ लक्झेंबर्ग’, ‘त्सारेविच’, ‘पागानिनी’, कालमानची ‘काउंटेस मारित्सा’ आणि ही ‘चार्दाशफ्युर्स्टिन’. जर्मन घरांत संध्याकाळी आजी-आजोबांपासून नातवंडांपर्यंत सगळे एकत्र बसून हे पाहायचे. इथे आमच्या शेजारच्या आजींना आजही ‘चार्दाशफ्युर्स्टिन’ म्हटलं की पहिल्यांदा मोफो आठवते, थिएटर नंतर.

आता पात्रनिवड पाहा. आना मोफो अमेरिकेत पेनसिल्व्हेनियात जन्मलेली इटालियन घराण्यातली मुलगी. तिचं नाव झालं तेच टीव्हीमुळे. १९५६ला इटालियन टीव्हीवर तिने ‘मादामा बटरफ्लाय’ केली आणि ती घराघरांत पोचली. तिचा दिग्दर्शक मारिओ लानफ्रांकी, पुढे तिचा नवरा. कॅमेऱ्यासमोर गाण्याचं शिक्षण तिच्याइतकं त्या काळात फार कमी गायिकांना मिळालं होतं. म्हणून @शंकेखोर, ती हसत सूर लावते याला तुम्ही खोटेपणा म्हणता, मी त्याला दुसरी कला म्हणेन. रंगमंचावर शेवटच्या रांगेसाठी केलेला अभिनय कॅमेऱ्यापुढे भडक होतो. तिने तो मुद्दाम लहान केलाय.

आणि रेने कोलो! त्याचे आजोबा वाल्टर कोलो बर्लिनचे मोठे ऑपेरेटा-संगीतकार. हा आधी लोकप्रिय गाणी गायचा, मग ऑपेराकडे वळला आणि १९६९ला बायरॉइटच्या महोत्सवात वाग्नरचे भारदस्त ऑपेरा गायला उभा राहिला. म्हणजे ही फिल्म झाली तेव्हा तो एका पायाने आजोबांच्या जगात होता आणि दुसऱ्या पायाने वाग्नरच्या. एडविनच्या आवाजात जे वजन आहे ते तिथून आलंय. हलक्या आवाजाचा एडविन असला की तो नुसता लाडावलेला मुलगा वाटतो. कोलोचा एडविन मनापासून प्रेम करतो आणि तरीही तिला दुखावतो, हे जास्त टोचतं.

ठाणेकरीण

सुंदर माहिती, धन्यवाद. श्टाझी कोण झालीय? मला ती फार आवडली.

म्युनिकवासी

दागमार कोलर, ऑस्ट्रियाची. पुढे तिने व्हिएन्नाचे महापौर झालेल्या हेल्मुट त्सिल्क यांच्याशी लग्न केलं. बोनी झालाय शांदोर नेमेत, बुडापेस्टचा. त्या दोघांमुळे फिल्म हलकी राहते, नाहीतर नायक-नायिकेचं रडणं जास्त झालं असतं.

काळी_चार

मी संगीत शिकवते, त्यामुळे एक गोष्ट सांगितल्याशिवाय राहवत नाही. चार्दाश हा हंगेरियन नाच. त्याचे दोन भाग: आधी विलंबित, जड, जवळजवळ तक्रारीचा सूर, मग एकदम द्रुत, टाचा आपटत. सिल्वाचं पहिलं गाणं तसंच बांधलंय. सुरुवातीला ती आपल्या डोंगराळ मायदेशाची आठवण काढते आणि मग लय अशी सुटते की बसलेला माणूस पाय हलवू लागतो.

दुसऱ्या अंकात व्हिएन्ना आली की वॉल्ट्झ, म्हणजे तीन मात्रांचा गिरक्यांचा नाच, येतो. कालमानने दोन शहरं दोन ठेक्यांत ठेवली आहेत. सिल्वा वाड्यात वॉल्ट्झवर गाते तेव्हा ती दुसऱ्याच्या ठेक्यात गात असते. बैठकीला हे आधी सांगा, नाट्यसंगीत ऐकणाऱ्यांना लय लगेच कळेल. ज्यांनी ठुमरीत शेवटी लग्गी सुटताना ऐकली आहे त्यांना चार्दाश समजावून सांगावा लागत नाही.

आणि कालमान साधासुधा गाणी जुळवणारा नव्हता. बुडापेस्टच्या संगीत अकादमीत तो हान्स केस्लरकडे शिकला, बार्तोक आणि कोदाय हे हंगेरीचे मोठे संगीतकार त्याच गुरूचे विद्यार्थी. वाद्यवृंदाचं लेखन कान देऊन ऐकाल तर ते शिक्षण जाणवतं.

फोंडेकर

गोव्याहून हात वर करतोय.

आमच्याकडे देवळाच्या जत्रेत अजून संगीत नाटक होतं, रात्री उशिरा सुरू होऊन पहाटेपर्यंत. गावचेच लोक, दिवसा बँकेत नाहीतर शाळेत नोकरी करणारे. एखाद्याने पद रंगवलं की मागून ‘वन्स मोअर’ येतो आणि तो परत म्हणतो, दुसऱ्यांदा वेगळ्या जागा घेऊन. नाटकाची कथा तोपर्यंत थांबून राहते. कुणाला त्याची घाई नसते.

टीव्हीवर ‘वन्स मोअर’ नाही. मला सगळ्यात जास्त हेच खटकतं. पडद्यावरच्या बाईला माझी टाळी पोचत नाही आणि म्हणून ती दुसऱ्यांदा गात नाही. @शंकेखोर, मी तुमच्या बाजूने, कारण मात्र वेगळं. ओठ हलवण्याचं मला काही वाटत नाही. मला वाईट वाटतं ते गाणं एकदाच होतं याचं.

पदवेडा

@फोंडेकर, मंडळात रिमोट माझ्या हातात असतो, ‘वन्स मोअर’ची सोय होईल :)

पण मुद्दा खरा आहे. परत लावलं तरी ती तेच गाणार, नवी जागा घेणार नाही.

नेव्हाकाठ

रशियन ‘सिल्वा’ची बाजू कुणी घेत नाही असं दिसतंय, तेव्हा मी घेतो.

मी ऐंशीच्या दशकात लेनिनग्राडला इंजिनियरिंग शिकायला होतो. होस्टेलच्या सामाईक खोलीत एक टीव्ही, भोवती दहाबारा देशांतली मुलं. सुट्टीच्या दिवसांत यान फ्रिदच्या संगीतिका लागायच्या: १९७९ची ‘वटवाघूळ’, म्हणजे श्ट्राउसची ‘फ्लेडरमाउस’, आणि ही दोन भागांची ‘सिल्वा’. आमच्या मजल्यावरची साफसफाई करणारी बाई सगळी गाणी तोंडपाठ म्हणायची. तिला एडविन, बोनी हे नातेवाइकांसारखे.

सिल्वाची भूमिका झान्ना ग्लेबोवाची. एडविन रीगाचा देखणा नट इवार्स काल्निन्श. आणि बोनी विताली सोलोमिन! ज्यांनी रशियन शेरलॉक होम्स पाहिलाय त्यांना तो डॉ. वॉटसन म्हणून माहीत असेल. तो नाचतो, धडपडतो, लाजतो, आणि पूर्ण चित्रपट खिशात घालतो. वडील राजपुत्र आहेत व्लादिस्लाव स्त्र्झेल्चिक, लेनिनग्राडच्या रंगभूमीचे फार मोठे नट. जर्मन फिल्ममध्ये गायक अभिनय करतात, इथे रंगभूमीचे कसलेले नट संगीतिका करतात. विनोदाची वेळ त्यांना जशी साधते तशी मला जर्मन फिल्ममध्ये कुठे दिसत नाही.

रशियन लोकांचं या संगीतिकेवर प्रेम का, त्याचंही कारण आहे. दुसऱ्या महायुद्धात जर्मन सैन्याने लेनिनग्राडला घातलेल्या वेढ्यात, लोक उपासमारीने मरत असताना, तिथलं संगीत-विनोदी नाटकांचं थिएटर चालू राहिलं. थंडीत कुडकुडणारे नट, ओव्हरकोट घालून बसलेले प्रेक्षक, आणि समोर ‘सिल्वा’. १९४४ला, युद्ध सुरू असतानाच, स्वेर्दलोव्स्कच्या नव्या स्टुडिओने आपला पहिला चित्रपट केला तोही ‘सिल्वा’च. ज्या पिढीने ते पाहिलं तिच्या घरात १९८१ला ही टीव्हीची ‘सिल्वा’ आली. त्या साफसफाईवाल्या बाईंचं वय पाहता त्या वेढ्यातून आलेल्या असणार, असं मला तेव्हाही वाटायचं. विचारायचा धीर झाला नाही.

म्हणून माझं मत १९८१ला.

रिमझिम

नेव्हाकाठ, जबरदस्त प्रतिसाद. वेढ्याबद्दल वाचून अंगावर काटा आला.

दरबारी_कानडा

+१. यावर स्वतंत्र धागा काढा, विनंती.

जुना_प्रेक्षक

मंडळी, सिनेतारबद्दल कुणीच लिहिलेलं नाही, म्हणून लिहितो.

१९७१च्या फिल्मचा हा दिग्दर्शक टीव्हीवाला म्हणून या संगीतिकेकडे आलेला नाही. १९५४ला बुडापेस्टच्या ऑपेरेटा थिएटरात हीच संगीतिका त्याने बसवली तेव्हा तो जेमतेम बाविशीचा होता. त्या प्रयोगात संहिता मोठ्या प्रमाणात नव्याने लिहिली गेली आणि एडविनच्या आईची, सेसिलियाची, भूमिका वाढवली, कारण ती करणार होती हाना होंथी. होंथी म्हणजे हंगेरीच्या ऑपेरेटाची सम्राज्ञी. मूळ संहितेत आई मागे मागे असते आणि शेवटी तिचं गुपित फुटतं की लग्नाआधी तीही अशीच गाणारी होती, ‘कुप्फर-हिल्डा’ नावाने ओळखली जाणारी. बुडापेस्टला ती भूमिका नायिकेच्या तोडीची झाली. तिच्या ‘हायमाशी पेतेर’ गाण्याला लोक पुन्हा पुन्हा ‘वन्स मोअर’ मागत. फोंडेकर, तुमची जत्रा तिथेही भरायची बघा.

तेव्हा ज्याने थिएटरातली टाळी एवढ्या लहान वयात अनुभवली होती, तो सतरा वर्षांनी कॅमेरा हातात घेऊन परत त्याच गोष्टीकडे आला. टाळी मिळणार नाही हे त्याला आपल्यापेक्षा चांगलं ठाऊक होतं. टीव्हीच्या फिल्मला थिएटरचं फिकट रूप म्हणण्याआधी हे लक्षात घ्यावं, एवढंच माझं म्हणणं.

ठाणेकरीण

काका, म्हणजे सासूबाई स्वतःच पूर्वाश्रमीच्या ऑर्फियमच्या? आणि सुनेला नको म्हणतात?

जुना_प्रेक्षक

हो. आणि हे फोडतो तो फेरी, ऑर्फियमचा जुना चाहता. तो तिला ओळखतो. मग वडिलांना बोलायला तोंड उरत नाही. सिल्वा आणि एडविनचं जमतं, बोनी आणि श्टाझीचंही.

रिमझिम

सासूने सुनेला विरोध करायचा आणि शेवटच्या भागात सासूचाच भूतकाळ निघायचा! आपल्या संध्याकाळच्या मालिकांनी हे १९१५लाच वाचलं होतं की काय :D

शंकेखोर

मला एक गंभीर आक्षेप नोंदवायचाय, फक्त ओठांचा नाही.

म्युनिकवासींनी लिहिलं की आजी-आजोबांपासून नातवंडांपर्यंत सगळे एकत्र बसून पाहायचे. त्याच घरांत, तीस-पस्तीस वर्षांपूर्वी, कालमानचं संगीत वाजवायला बंदी होती. तो ज्यू होता. नाझींनी त्याच्या संगीतिका जर्मन रंगभूमीवरून उतरवल्या. १९३८ला ऑस्ट्रिया गिळल्यावर त्याला व्हिएन्ना सोडावं लागलं: आधी झुरिच, मग पॅरिस, १९४०ला अमेरिका. त्याच्या दोन बहिणी नाझींच्या छळात गेल्या. संहिता लिहिणारा बेला येनबाख व्हिएन्नातच लपून राहिला आणि १९४३ला लपलेल्या अवस्थेतच वारला.

आणि १९७१ला सगळं कसं गोड! झुंबरं, गणवेश, हंगेरियन झालर. ज्यांनी ही गोष्ट लिहिली त्यांचं काय झालं याची एक रेघही त्या चित्रणात नाही. मूळ संगीतिकेत एक कडवटपणा आहे. युद्धात लिहिलेली आहे ती. ‘उद्या असू की नसू, आज नाचून घ्या’ हा तिचा सूर आहे. टीव्हीने तो धुऊन काढला आणि नॉस्टॅल्जिया ठेवला.

म्युनिकवासी

@शंकेखोर, हे मान्य आहे आणि हे बोललं गेलं पाहिजे. त्या काळच्या बऱ्याच ऑपेरेटा-फिल्म्सना हा आक्षेप लागू होतो.

दोन गोष्टी मात्र तोलून पाहा. पहिली, ती फिल्म पश्चिम जर्मनीने हंगेरीबरोबर मिळून केलेली. मध्ये लोखंडी पडदा. बुडापेस्टचा दिग्दर्शक, बुडापेस्टचा बोनी, व्हिएन्नाच्या रंगभूमीची श्टाझी, बर्लिनचा एडविन. १९१५ला ऑस्ट्रिया-हंगेरी हे जे एक साम्राज्य होतं त्याचे तुकडे झालेले, त्यातली माणसं, बर्लिनकराला सोबत घेऊन, पुन्हा एका गोष्टीत एकत्र आली. दुसरी, ज्याची गाणी बंद केली होती त्याचीच गाणी घराघरात परत गेली. आमच्या शेजारच्या आजी कालमानबद्दल मला सांगतात ते याच फिल्मपासून सुरू करून, आणि मग त्या आपणहून म्हणतात, आमच्या लहानपणी हे ऐकायला मनाई होती. ही आठवण त्यांना त्या गोड फिल्मनेच दिली.

नेव्हाकाठ

शंकेखोर यांच्या मुद्द्याला जोडून: फ्रिदच्या ‘सिल्वा’त एडविनच्या घराण्याचं नाव मूळ ‘लिप्पर्ट-वायलर्सहाइम’ नाही, रशियन परंपरेप्रमाणे ‘वोल्याप्युक’ आहे, रशियनमध्ये त्याचा अर्थ अगम्य बडबड. नाव ऐकताच रशियन प्रेक्षक हसतो. सरदार लोकांची खिल्ली तिथे पहिल्यापासून उडवलेली आहे. जर्मन फिल्मला सरदारांबद्दल थोडी हळहळ वाटते, रशियनला अजिबात नाही. कडवटपणा शोधत असाल तर त्या बाजूला जास्त सापडेल.

फोंडेकर

माझा एक व्यावहारिक प्रश्न. मंडळातल्या ज्येष्ठांना अडीच-तीन तास परदेशी भाषा झेपेल का? खाली उपशीर्षकं वाचायची की गाणं ऐकायचं?

काळी_चार

गाणी चालू असताना उपशीर्षकं बंद ठेवा, संवादांना चालू. आणि आधी मराठीत कथा सांगा. कीर्तनात कथा सगळ्यांना माहीतच असते, तरी रंग येतोच ना.

अजून एक सुचवते. आपल्या संगीत नाटकांचीही टीव्हीवर रूपं होतात तेव्हा पहिली कात्री पदांना लागते. एका वाहिनीवर मी पाहिलं, पाऊण पद झालं आणि तानेच्या मध्ये जाहिरात. फार वाईट वाटलं. तुम्ही दाखवाल तेव्हा गाणं कापू नका, अगदी वेळ कमी असला तरी. संवाद कापा, गाणं अखंड ठेवा.

दरबारी_कानडा

काळी_चार यांना १०० वेळा अनुमोदन. आणि आता ‘कट्यार’ आणि ‘मानापमान’ दोन्ही मोठ्या पडद्यावर आली आहेत, तिथेही हाच वाद पुन्हा झालाय: किती मूळ पदं ठेवायची, किती नवी घालायची. म्हणजे पदवेडांचा प्रश्न परदेशी राहिलेलाच नाही.

जुना_प्रेक्षक

दरबारी, खरं आहे. माझं मत तेव्हाही होतं आणि आताही तेच आहे: माध्यम बदललं की काही तरी द्यावं लागतं. काय देऊन काय मिळवलं, एवढं पाहायचं. सिनेतारने टाळी दिली आणि सिल्वाचा चेहरा मिळवला. फ्रिदने गायकांचा भारदस्त आवाज दिला आणि सोलोमिनसारखा बोनी मिळवला. प्रयोगाचं चित्रीकरण काही देत नाही, पण जवळही काही आणत नाही.

शंकेखोर

काका, शेवटच्या वाक्याशी असहमत. प्रयोगाच्या चित्रीकरणात प्रेक्षक असतो, त्याचं हसणं ऐकू येतं, गाणं संपल्यावरची ती क्षणभराची शांतता आणि मग टाळ्या ऐकू येतात. ते मोठं आहे. मी हट्ट सोडणार नाही.

पदवेडा

सगळ्यांचे मनापासून आभार. इतकं भरभरून मिळेल असं वाटलं नव्हतं. आमच्या मंडळात हा सगळा धागा छापून वाटणार आहे.

ठरवलं ते असं. सुरुवातीला ‘संशयकल्लोळ’मधली दोन पदं, दरबारी यांच्या सूचनेप्रमाणे. मग काळी_चार यांचं विलंबित-द्रुतचं स्पष्टीकरण आणि सिल्वाचं पहिलं गाणं. त्यानंतर दुसरा अंक, तो १९७१चा, गाणी अखंड. माझं मत त्या कागद फाडण्याच्या जागी अजून ठाम आहे. चहानंतर तिसरा अंक मात्र १९८१चा दाखवणार, कारण आईचं गुपित फुटण्याचा भाग कसलेल्या नटांच्या हाती सोपवावा हे मला नेव्हाकाठ यांनी पटवलं. आणि मधल्या वेळेत शंकेखोर यांनी येनबाख आणि कालमानबद्दल लिहिलेला परिच्छेद मी वाचून दाखवणार आहे. तो ऐकल्याशिवाय पुढचा अंक पाहू नये असं मलाही वाटतं.

@शंकेखोर, प्रयोगाचं एक चांगलं चित्रीकरण सुचवा. पुढच्या महिन्याची बैठक त्यासाठी राखून ठेवतो. वाद तेव्हा पुढे चालू.

शंकेखोर

सुचवतो. बुडापेस्टच्या ऑपेरेटा थिएटरच्या प्रयोगांपैकी एखादं शोधतो, उद्या रात्रीपर्यंत इथेच दुवा टाकतो. आणि वाचताना येनबाखचं नाव आधी घ्या, कालमानचं नंतर. त्याचं नाव कुणी घेत नाही.

ठाणेकरीण

बैठक झाली की वृत्तांत नक्की टाका. आणि कुणाकुणाला बोनी आवडला ते वेगळं लिहा, मला वाटतं ज्येष्ठ मंडळी सोलोमिनच्या बाजूने जाणार.